गहाण सोडवायला किती पडते?

(प्रौढ साक्षरता वर्गातील मंडळींपुढे केलेले भाषण)



तुम्ही आता वाचायला शिकलात. एस.टी.ची पाटी वाचता, खताच्या पोत्यावरचे नाव वाचता, मुलाचे पत्र वाचता. आज आपण एक वेगळा कागद वाचायला शिकू. हा कागद माणसाच्या हाती जन्मात एकदोनदाच येतो. पण त्यावर केलेली सही पंधरा-वीस वर्षे पुरते. तो कागद म्हणजे गहाणखत.

गहाण म्हणजे काय, हे तुम्हांला सांगायला नको. आपली जमीन किंवा घर तारण ठेवायचे आणि पैसे घ्यायचे. पैसे व्याजासकट फेडले की तारण मोकळे होते. न फेडले तर तारण जाते. एवढे सगळ्यांना ठाऊक आहे. पण सोडवायला एकूण किती रुपये पडतात, हे विचारले तर शंभरात पाच जणही सांगणार नाहीत. आम्हांला तरी कुठे सांगता येत होते! तीच गोष्ट आज सांगतो.

आमची चूक

आम्ही अडतीस वर्षे शाळेत शिकवले. मुलांना सरळव्याज शिकवले, चक्रवाढव्याज शिकवले. फळ्यावर हिशोब चुकला तर पोराला उभे केले. तरी स्वतःच्या कर्जात आम्ही फसलो.

२००४ साली आम्ही घर बांधायला काढले. एका बँकेने ५ लाख रुपये कर्ज दिले. व्याज वर्षाला शेकडा ८. मुदत १५ वर्षे, म्हणजे १८० हप्ते. हप्ता ४,७७८ रुपये. आम्ही मनाशी म्हटले, पगारातून एवढे जातील आणि २०१९ साली आम्ही निवृत्त होऊ, त्याच साली घर मोकळे होईल. झाले! आम्ही सही केली.

तीन वर्षे आम्ही एकही हप्ता चुकवला नाही. २००७ साली एका संध्याकाळी आमच्या मंडळींनी विचारले, "अहो, आता किती राहिले?" आम्ही ऐटीत सांगितले, "छत्तीस हप्ते भरले, एकशे चव्वेचाळीस राहिले." त्या म्हणाल्या, "बँकेतून एकदा लिहून आणा की."

आम्ही बँकेत गेलो आणि खात्याचा उतारा मागितला. तो वाचला आणि तिथेच बाकावर बसलो. तीन वर्षांत आम्ही १ लाख ७२ हजार रुपये भरले होते. त्यांतले १ लाख १३ हजारांच्यावर व्याजात गेले होते. मुद्दल फिटले होते फक्त साडेअठ्ठावन्न हजार. अजून ४ लाख ४१ हजार देणे होतेच. आणि खाली लिहिले होते : शिल्लक हप्ते २०६.

१८० हप्त्यांचे कर्ज. ३६ भरले. आणि राहिले २०६! हे कसे झाले?

कर्जाच्या कागदात एक ओळ होती. पहिली तीन वर्षे व्याजाचा दर बांधलेला, पुढे बदलता. ती ओळ आम्ही वाचली नव्हती. दर ८ चा ११ झाला होता. बँकेने हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवली. हप्ता वाढला असता तर आम्ही त्याच महिन्यात जागे झालो असतो. मुदत वाढली, म्हणून कळलेच नाही. निवृत्तीनंतर पाच वर्षे आम्ही हप्ते भरत बसलो असतो, तेही पेन्शनीतून.

मुख्याध्यापकाची ही गत, तर इतरांची काय? म्हणून म्हणतो, अक्षर येणे ही एक गोष्ट झाली. कागद शेवटच्या ओळीपर्यंत वाचणे ही दुसरी.

आधी व्याज जेवते

आता हप्त्याचे गणित समजून घेऊ. सोपे आहे, घाबरू नका. पाटी-पेन्सिल घ्या.

समजा, रामभाऊंनी १ लाख रुपये घेतले. व्याज वर्षाला शेकडा ९. मुदत २० वर्षे. हप्ता येतो सुमारे ९०० रुपये.

पहिल्या महिन्याचे व्याज किती? लाखावर वर्षाला ९,००० रुपये. त्याचा बारावा भाग ७५० रुपये. रामभाऊंनी ९०० रुपये भरले. त्यांतले ७५० व्याजात गेले. मुद्दलात गेले फक्त १५०. दुसऱ्या महिन्यात देणे राहिले ९९,८५०. त्याचे व्याज ७४९. मुद्दलाला मिळाले १५१. म्हणजे एक रुपया वाढला.

बघा, पंगतीत आधी व्याज जेवते. उरलेसुरले मुद्दलाच्या पानात पडते. सुरुवातीला व्याजाची भूक मोठी असते. देणे कमी होईल तशी ती कमी होते. म्हणून पहिली वर्षे मुद्दल मुंगीच्या पावलाने सरकते. या वीस वर्षांच्या कर्जात निम्मे मुद्दल कधी फिटते? तुम्ही म्हणाल, दहाव्या वर्षी. नाही. चौदा वर्षे जावी लागतात!

आता एकच कर्ज तीन मुदतींत मांडू. कर्ज १ लाख, व्याज शेकडा ९.

मुदत १० वर्षे : हप्ता १,२६७ रुपये. हप्ते १२०. एकूण भरणा १,५२,०४० रुपये.

मुदत १५ वर्षे : हप्ता १,०१४ रुपये. हप्ते १८०. एकूण भरणा १,८२,५२० रुपये.

मुदत २० वर्षे : हप्ता ९०० रुपये. हप्ते २४०. एकूण भरणा २,१६,००० रुपये.

पैसे तिघांनी सारखेच घेतले. दहा वर्षे घेणाऱ्याने वर बावन्न हजार दिले. वीस वर्षे घेणाऱ्याने वर १ लाख १६ हजार दिले. म्हणजे दुसऱ्याने सावकाराला किंवा बँकेला आणखी एक घर बांधून दिले म्हणा ना! हप्ता मात्र त्याचा लहान होता. लहान हप्ता गोड लागतो. पण एकूण बेरजेत तोच महाग पडतो.

मग सगळ्यांनी दहाच वर्षांची मुदत घ्यावी का? तसेही नाही. ज्याच्या हातात महिन्याला १,२६७ रुपये सुटत नाहीत, त्याने तेवढा हप्ता घेतला तर तो थकेल. थकलेला हप्ता सगळ्यांत महाग. पोट मारून हप्ता बांधू नका. पण झेपत असून केवळ लहान दिसतो म्हणून लांब मुदत घेऊ नका.

आम्ही काय केले

आता आमच्या कर्जाची पुढची गोष्ट. आम्ही बँकेत अर्ज दिला. मुदत वाढवू नका, हप्ता वाढवा, असे लिहिले. उरलेल्या १४४ महिन्यांतच फेडायचे तर हप्ता ५,५३४ रुपये होत होता. म्हणजे महिन्याला ७५६ रुपये जास्त. घरात बसून विचार केला. मंडळी म्हणाल्या, "पोरीचे कॉलेज आहे, तरी जमवू. म्हातारपणी देणे नको." दुधाचे चार पैसे येत होते, ते तिकडे लावले.

दर ११ च राहिला असे धरून आम्ही बेरीज मांडली. जुन्या हप्त्याने एकूण सुमारे ९ लाख ८२ हजार भरावे लागले असते. नव्या हप्त्याने ७ लाख ९७ हजार. महिन्याला ७५६ रुपये जास्त दिले, तर १ लाख ८५ हजार वाचत होते. पुढे दर थोडे वरखाली झाले, पण निवृत्तीच्या आत कर्ज फिटले. ती बेरीज आधीच मांडली असती, तर तीन वर्षे डोळे मिटून गेली नसती.

आता कायद्याने तुमच्या हाती जास्त साधने दिली आहेत. २०२३ साली रिझर्व्ह बँकेने नियम केला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, की दोन्ही थोडे थोडे, हे कर्जदाराला विचारले पाहिजे. बांधलेल्या दरावर जाण्याची सोयही त्या वेळी सक्तीची केली होती; आता ती द्यायची की नाही, हे बँक ठरवते. तेव्हा बँकेने विचारले नाही तर तुम्ही विचारा. विचारणे हा तुमचा हक्क आहे.

दुसरी सोय. घरासाठी घेतलेले कर्ज बदलत्या दराचे असेल आणि कर्जदार सामान्य माणूस असेल, तर मुदतीआधी पैसे भरल्याबद्दल बँकेला दंड घेता येत नाही. हा नियम २०१२ पासून आहे. उसाचे बिल आले, सोयाबीनचे पैसे आले, तर वर्षात एक हप्ता जादा भरा. आपल्या रामभाऊंनी दर वर्षी ९०० रुपयांचा एकच हप्ता जादा भरला, तर वीस वर्षांचे कर्ज सुमारे साडेतीन वर्षे आधी फिटते. पण भरताना पावतीवर लिहून घ्या, "मुद्दलात जमा."

हप्त्याबाहेरचा खर्च

हप्ता म्हणजे सगळा खर्च नव्हे. अर्जाची फी असते. वकिलाकडून मालकीचा शोध घेण्याची फी असते. घराची किंमत ठरवणाराची फी असते. गहाणखताचा मुद्रांक असतो. कधी विम्याचा हप्ता कर्जातच मिळवतात. मग त्या विम्याच्या पैशावरही तुम्ही वीस वर्षे व्याज देता. विमा वाईट नाही. पण तो वेगळा भरता येईल का, हे विचारा.

हे सगळे एका जागी बघायचे असेल तर एक कागद मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून बँकांनी अशा नव्या कर्जांसाठी महत्त्वाच्या माहितीचा एक तक्ता दिलाच पाहिजे, आणि तो कर्जदाराला समजेल अशा भाषेत दिला पाहिजे. त्यात सगळी फी धरून वर्षाचा खरा दर काय पडतो, ते लिहिलेले असते. त्याला ए.पी.आर. म्हणतात. दोन बँकांची तुलना करायची तर हा आकडा बघा. जाहिरातीतला बघू नका.

गावातले गहाण

आता गावाकडे येऊ. गावात व्याज वर्षाचे सांगत नाहीत, महिन्याचे सांगतात. "शेकडा तीन" म्हटले की तीन रुपये ऐकायला हलके वाटतात. पण ते महिन्याचे. बाराने गुणा. वर्षाला शेकडा ३६ झाले!

कुणी जमीन गहाण ठेवून ५०,००० रुपये शेकडा तीनने घेतले, तर महिन्याचे व्याज दीड हजार. पाच वर्षे नुसते व्याज भरले तर ९०,००० रुपये गेले. मुद्दल? ते पन्नास हजार जसेच्या तसे उभे! घेतलेल्याच्या जवळजवळ दुप्पट दिले आणि देणे रुपयानेही कमी झाले नाही.

महाराष्ट्रात २०१४ साली सावकारीचा नवा कायदा झाला. सावकाराजवळ परवाना पाहिजे. त्या कायद्याखाली शासनाने दर ठरवून दिले. शेतकऱ्याला तारणावर वर्षाला शेकडा ९, विनातारण १२. शेकडा ९ ने पन्नास हजारांचे महिन्याचे व्याज ३७५ रुपये होते. कुठे ३७५ आणि कुठे १,५००! आणि लहान शेतीकर्जासाठी गहाण ठेवावेच लागते असेही नाही. १ जानेवारी २०२५ पासून बँकांनी २ लाखांपर्यंतचे शेतीकर्ज तारणाशिवाय द्यावे, असा रिझर्व्ह बँकेचा नियम आहे. तेव्हा आधी बँकेची किंवा सोसायटीची पायरी चढा.

सगळ्यांत मोठा धोका वेगळाच. सावकार म्हणतो, "गहाणखत कशाला? खरेदीखतच करू. पैसे दिलेस की जमीन परत लिहून देतो." गडी विश्वासाने सही करतो. कधी परत देण्याची गोष्ट दुसऱ्या साध्या कागदावर लिहून देतात. ध्यानात ठेवा. १९२९ साली कायद्यात दुरुस्ती झाली. परत देण्याची अट त्याच खरेदीखतात लिहिलेली असेल, तरच तो व्यवहार गहाण धरता येतो. वेगळ्या कागदावरची अट गहाण ठरवायला पुरत नाही. म्हणून वरती "खरेदीखत" हे शब्द वाचलेत की हात आखडा. कर्ज घेताना जमीन विकायची नसते.

असे कुणाचे आधीच झाले असेल, तर कपाळाला हात लावून बसू नका. सावकारीच्या व्यवहारात जमीन गेली असेल आणि व्यवहार १५ वर्षांच्या आतला असेल, तर २०१४ च्या कायद्याखाली सहकार खात्याच्या जिल्हा उपनिबंधकाकडे अर्ज करता येतो. चौकशीत खरे ठरले तर जमीन परत मिळू शकते. व्याज दिल्याच्या पावत्या, साक्षीदार, जुना सातबारा, सगळे जपून ठेवा.

सुप्याची गोष्ट

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी बाजारात शेतकरी जमले आणि सावकारांच्या दुकानांवर, घरांवर चालून गेले. त्यांना मुख्यतः हवे होते ते कर्जरोखे. ते काढून घेऊन त्यांनी जाळले. ही आग पुणे आणि नगर जिल्ह्यांतल्या गावोगावी पसरली. सरकारने चौकशीला मंडळ नेमले, आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कायदा झाला. त्या कायद्याने गावातच दस्तऐवज नोंदवण्याची आणि पैसे दिल्याची पावती मागण्याची सोय केली.

त्या लोकांनी कागद का जाळले? त्या कागदांवर काय लिहिले आहे, हे बहुतेकांना वाचता येत नव्हते. अंगठा आपला, पण मजकूर दुसऱ्याचा, अशी स्थिती होती. जाळपोळ केल्याबद्दल पुष्कळांना तुरुंगही भोगावा लागला. तुमच्यावर ती वेळ येऊ नये. तुम्हांला वाचता येते.

अडचण आली तर

पाऊस दगा देतो, माणूस आजारी पडतो, हप्ता चुकतो. तेव्हा तोंड लपवू नका. हप्ता ९० दिवसांवर थकला की बँक ते खाते थकीत वर्गात टाकते. मग २००२ च्या कायद्याप्रमाणे ६० दिवसांची नोटीस देऊन, कोर्टात न जाताही घराचा ताबा घेऊन लिलाव करता येतो. शेतजमीन या कायद्यातून वगळली आहे, घर वगळलेले नाही. म्हणून पहिला हप्ता चुकण्याआधीच बँकेत जा. अर्ज द्या, त्याची पोच घ्या. नोटीस आली तर फडक्यात बांधून ठेवू नका. ती वाचा आणि मुदतीत उत्तर द्या.

कर्ज फिटले म्हणजे संपले काय? नाही. देणे राहिले नाही असा दाखला घ्या. मालकीचे मूळ कागद परत घ्या. पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत कागद परत दिले पाहिजेत, असा रिझर्व्ह बँकेचा नियम १ डिसेंबर २०२३ पासून लागू आहे. बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये कर्जदाराला द्यावे लागतात. मग तलाठ्याकडे जा. सातबाऱ्यावर "इतर हक्क" या रकान्यात बोजा लिहिलेला असतो. तो कमी करून घ्या आणि नवा उतारा घरी आणा. घर गहाण असेल तर ग्रामपंचायतीच्या किंवा सिटी सर्व्हेच्या नोंदीतही तेच करा. बोजा तसाच राहिला तर पुढे मुलाला कर्ज मिळताना किंवा वाटणीच्या वेळी तो आडवा येतो.

आता शेवटचे. कर्ज वाईट नसते. विहिरीला पाणी लागले तर विहीर स्वतःचे कर्ज फेडते. घर पावसापासून राखते. पण चार दिवसांच्या मांडवासाठी जमीन गहाण टाकली, तर मांडव उतरतो आणि हप्ता उभा राहतो. म्हणून सहीआधी पाच गोष्टी विचारा. दर महिन्याचा की वर्षाचा? बांधलेला की बदलता? हप्ते किती? वरचा खर्च किती? आणि सगळे मिळून माझ्या घरातून किती रुपये जाणार? पाचव्या प्रश्नाचे उत्तर आकड्यात लिहून मिळेपर्यंत सही करू नका.

जाताना एक हिशोब देतो. घरी करा. सखूबाईंनी घरासाठी २ लाख रुपये घेतले. व्याज शेकडा ९. पंधरा वर्षे घेतली तर हप्ता २,०२८ रुपये. वीस वर्षे घेतली तर १,८०० रुपये. दोन्हींची एकूण बेरीज काढा, आणि महिन्याला २२८ रुपये वाचवायला सखूबाईंना शेवटी किती रुपये पडतात, ते सांगा. उद्याच्या वर्गात पहिल्यांदा उत्तर बायकांना विचारू. आमच्या घरात तो प्रश्न पहिल्यांदा त्यांनीच विचारला होता.